अंतराळवीर होण्यासाठी आणि अंतराळात राहण्यासाठी नेमकी कशाची तयारी करावी लागते?

शोधयात्री यांचा प्रश्न

मी भौतिकशास्त्राच्या पदवी अभ्यासक्रमाच्या शेवटच्या वर्षाला आहे. अंतराळवीर होण्याची इच्छा जुनीच आहे, परंतु पुढे कोणता विषय घ्यायचा हे येत्या काही महिन्यांत ठरवायचे असल्यामुळे आता तिच्याकडे गांभीर्याने पाहणे भाग आहे. या विषयावर वाचायला पुष्कळ मिळते. मात्र त्यात प्रक्षेपणाचे क्षण आणि खिडकीतून दिसणारी पृथ्वी यांचेच वर्णन अधिक असते. जो माणूस सहा महिने अंतराळ स्थानकात राहून काम करतो, त्याला त्याआधीच्या वर्षांत काय काय शिकावे लागते, हे मला सलगपणे कुठे वाचायला मिळाले नाही.

मला तीन गोष्टी जाणून घ्यायच्या आहेत. वैमानिक नसलेल्या आणि चष्मा लावणाऱ्या व्यक्तीची निवड खरोखर होऊ शकते का, आणि होत असेल तर कोणता विषय घ्यावा? प्रशिक्षणात शरीराची तयारी महत्त्वाची असते की आणखी कशाची? आणि हजारो अर्जदारांतून दहा-बारा जणच जिथे पोहोचतात, त्या वाटेसाठी उमेदीची वर्षे खर्च करणे शहाणपणाचे आहे का? उत्तर देताना माझा हुरूप वाढवण्यापेक्षा वस्तुस्थिती सांगण्यावर भर द्यावा, ही विनंती.

ध्रुवमत्स्य यांचे उत्तर

वैमानिकांविषयीचा समज आधी दूर करतो, कारण त्यापायी अनेक जण अर्जच करत नाहीत. नासाने १९५९ मध्ये निवडलेले पहिले सातही जण लष्करातले चाचणी वैमानिक होते. यान वर गेल्यावर कसे वागेल हे तेव्हा कोणालाच ठाऊक नव्हते, आणि अनोळखी विमान उडवून त्याचे दोष नेमक्या शब्दांत सांगणे हाच या लोकांचा पेशा होता. त्यामुळे ती निवड त्या काळाला धरूनच होती. परंतु १९६५ मध्येच नासाने शास्त्रज्ञांची पहिली तुकडी घेतली आणि तिच्यातले भूशास्त्रज्ञ हॅरिसन श्मिट १९७२ मध्ये अपोलो १७ मोहिमेत चंद्रावर उतरले. विमान चालवायला ते निवड झाल्यानंतर शिकले. नव्या यानाची पहिली उड्डाणे करताना सगळेच देश वैमानिकांकडे वळतात. भारताच्या गगनयान मोहिमेसाठी निवडलेले चौघेही हवाई दलातले चाचणी वैमानिकच आहेत. यान एकदा भरवशाचे झाले आणि स्थानकात प्रयोगांचे व दुरुस्तीचे काम वाढले, की शास्त्रज्ञ, अभियंते आणि डॉक्टर यांची गरज भासू लागते.

नासाची आजची मुख्य अट अशी आहे: उमेदवार अमेरिकेचा नागरिक असावा, त्याच्याकडे विज्ञान, तंत्रज्ञान, अभियांत्रिकी किंवा गणित यांतील पदव्युत्तर पदवी अथवा तिच्या तोडीचे शिक्षण असावे, त्याने किमान तीन वर्षे त्या क्षेत्रात काम केलेले असावे किंवा प्रमुख वैमानिक म्हणून एक हजार तास, त्यांतले किमान ८५० तास वेगवान जेट विमानात, उड्डाण केलेले असावे, आणि दीर्घ मुक्कामासाठीच्या वैद्यकीय तपासणीत तो उत्तीर्ण व्हावा. युरोपीय अंतराळ संस्था आपल्या सदस्य व सहयोगी सदस्य देशांच्या नागरिकांचेच अर्ज घेते. नागरिकत्वाची ही अट कोणाच्याही कर्तृत्वाने ओलांडता येत नाही, म्हणून ज्या संस्थेकडे तुम्ही अर्ज करू शकता तिचेच नियम मूळातून वाचावेत. इतरांच्या नियमांवरून अंदाज बांधू नयेत. चष्म्याचा प्रश्न मात्र आता पूर्वीइतका आडवा येत नाही, कारण चष्म्याने दृष्टी पूर्ण होत असेल तर नासा तो चालवून घेते.

आता आकडे. २०१७ च्या तुकडीसाठी नासाकडे १८,३०० हून अधिक अर्ज आले आणि १२ जणांची निवड झाली. २०२१ मध्ये १२,००० हून अधिक अर्जांतून १० जण घेतले गेले. युरोपीय संस्थेने २०२२ मध्ये २२,५०० हून अधिक अर्जदारांतून १७ जण निवडले, आणि त्यांतले पूर्णवेळ अंतराळवीर म्हणून रुजू झाले ते फक्त पाच. याच १७ जणांत जॉन मॅकफॉल आहेत. अपघातात एक पाय गमावलेले हे शल्यचिकित्सक पॅरालिम्पिक पदकविजेतेही आहेत, आणि २०२५ मध्ये ते स्थानकावरच्या दीर्घ मुक्कामासाठी वैद्यकीयदृष्ट्या पात्र ठरले. ‘धडधाकट’ म्हणजे काय याची व्याख्याही बदलत चालली आहे, हे यावरून दिसते.

या आकड्यांकडे पाहता तुमच्या तिसऱ्या प्रश्नाला मी असे उत्तर देईन की केवळ अंतराळवीर होण्यासाठी म्हणून कोणताही विषय निवडू नये. निवड झाली नाही तरी जे काम तीस वर्षे आवडीने करता येईल तेच निवडावे, कारण समितीला नेमकी तीच माणसे हवी असतात. २०१९ च्या ऑक्टोबरमध्ये क्रिस्टिना कॉक आणि जेसिका मीर यांनी फक्त स्त्रियांनी केलेला पहिला स्पेसवॉक, म्हणजे पोशाख घालून स्थानकाबाहेर केलेले काम, पार पाडला. कॉक या विद्युत अभियंत्या. त्यांनी अंतराळातली उपकरणे बनवण्याचे काम केले होते आणि दक्षिण ध्रुवावरच्या संशोधन केंद्रात एक हिवाळा काढला होता. मीर या सागरी जीवशास्त्रज्ञ. सम्राट पेंग्विन श्वास रोखून इतका वेळ पाण्याखाली कसे राहतात, हा त्यांच्या संशोधनाचा विषय होता. दोघींचे विषय वेगळे आहेत, परंतु प्रयोगशाळेबाहेर, अडचणीच्या जागी, स्वतःच्या हाताने काम केल्याचा अनुभव दोघींकडेही आहे.

चिकाटीविषयी एकच सांगतो. होझे हर्नांडेझ यांची निवड बाराव्या प्रयत्नात झाली आणि क्लेटन अँडरसन यांची पंधराव्या. मधली सगळी वर्षे दोघेही अभियंते म्हणून काम करत होते. कोणीही नुसते वाट पाहत बसले नव्हते.

तळठाव यांचे उत्तर

मी व्यावसायिक पाणबुड्या आहे आणि पाण्याखालच्या दुरुस्तीची कामे करतो. प्रशिक्षणाचा जो भाग मला जवळून कळतो त्याविषयीच लिहितो.

वजनरहित अवस्था पृथ्वीवर मुख्यतः दोन प्रकारे अनुभवता येते. एक म्हणजे विमानाने विशिष्ट कमानीसारख्या मार्गाने वर जाऊन खाली यायचे. त्यात दर फेरीला सुमारे वीस ते पंचवीस सेकंद माणूस खरोखर तरंगतो. एवढ्या वेळात शरीराला ओळख होते, पण काम शिकता येत नाही. म्हणून स्पेसवॉकचा सराव पाण्यात होतो. ह्यूस्टनमधला नासाचा सरावाचा तलाव ६२ मीटर लांब, ३१ मीटर रुंद आणि १२ मीटर खोल असून त्याच्या तळाशी स्थानकाच्या भागांच्या मूळ आकाराच्या प्रतिकृती ठेवलेल्या असतात. पोशाख घातलेल्या माणसाला वजने आणि तरंगते तुकडे लावून असे तोलतात की तो वरही येत नाही आणि बुडतही नाही. सराव साधारण सहा तास चालतो, आणि अंतराळातल्या एका तासाच्या कामामागे पाण्यातले कित्येक तास खर्ची पडतात.

तरीही पाणी म्हणजे अंतराळ नव्हे, आणि हा फरक प्रशिक्षणार्थ्याला सतत लक्षात ठेवावा लागतो. पाण्यात हात हलवला की विरोध होतो आणि सुटलेले अवजार हळूहळू थांबते. वर ते जात राहते. शिवाय पाण्यात पोशाख तरंगत असला तरी आतल्या माणसावर गुरुत्वाकर्षण चालूच असते. उलटे होऊन काम करायची वेळ आली की शरीराचा भार खांद्यांवर येतो आणि रक्त डोक्यात उतरते.

बाहेरून कळत नाही ते कष्ट हातांचे असतात. पोशाखात हवेचा दाब असल्यामुळे हातमोजा सतत उघडा राहू पाहतो, आणि बोटे मिटायची तर प्रत्येक वेळी त्या दाबाविरुद्ध जोर लावावा लागतो. एखादा बोल्ट फिरवायचा, आकडा उघडायचा, दांडा पकडून पुढे सरकायचे, असे तासन्‌तास केल्यावर पंजा आणि मनगट भरून येते. नखांना इजा होणे ही या प्रशिक्षणातली नेहमीची तक्रार आहे. त्यातच सुरक्षा-दोरीचा नियम क्षणभरही सुटता कामा नये: नवा आकडा अडकवून, तो ओढून पाहिल्याशिवाय जुना काढायचा नाही. आमच्या धंद्यातही हाच नियम आहे, आणि माझा अनुभव असा की दमलेल्या माणसाचा हात तो आपोआप पाळतो की त्याला तो आठवावा लागतो, यावरून त्याचा सराव किती मुरलेला आहे ते कळते.

हा सराव कशासाठी, हे १६ जुलै २०१३ रोजी दिसले. इटलीचे लुका पार्मितानो स्थानकाबाहेर असताना त्यांच्या पोशाखातल्या शीतकरण यंत्रणेचे पाणी हेल्मेटमध्ये साचू लागले. वजनरहित अवस्थेत पाणी खाली गळत नाही, ते चेहऱ्याला चिकटून पसरते. ते डोळ्यांवर आले, नाकावर आले, आवाज नीट पोहोचेना, आणि त्याच सुमारास स्थानक पृथ्वीच्या सावलीत शिरून अंधारही झाला. दोरी गुंडाळणाऱ्या यंत्राची जी हलकीशी ओढ कमरेला जाणवत होती तिच्या आधाराने ते चाचपडत एअरलॉकपर्यंत, म्हणजे स्थानकात आत-बाहेर जाण्याच्या दुहेरी दारांच्या कक्षापर्यंत, परतले. मला तर वाटते की असल्या वेळी धाडस हा शब्दच अपुरा पडतो. कोणता दांडा कुठे आहे हे त्या हातांना ठाऊक होते, म्हणून माणूस वाचला.

रशियन भाषा, स्थानकाच्या यंत्रणा, यांत्रिक हात चालवणे, आग, हवागळती आणि अमोनियागळती यांसाठीचे सराव, यान भलत्याच ठिकाणी उतरले तर थंडीत तग धरणे, हे सारे वेगळेच. या शेवटच्या सरावामागेही प्रत्यक्ष घटना आहे: १९६५ मध्ये वोस्खोद २ या सोव्हिएत यानाचे अंतराळवीर लिओनोव्ह आणि बेल्यायेव्ह रशियातल्या उरल भागाच्या बर्फाळ जंगलात उतरले आणि मदत पोहोचेपर्यंत त्यांना तिथेच राहावे लागले.

नाडीपरीक्षा यांचे उत्तर

मी डॉक्टर आहे. अंतराळवैद्यकाचा अभ्यास आवडीने करते. दुसऱ्या प्रश्नातला शरीराचा भाग मी घेते.

आधी हे लक्षात घ्यावे की स्थानकाच्या उंचीवर, म्हणजे सुमारे ४०० किलोमीटरवर, गुरुत्वाकर्षण जमिनीच्या जवळपास नव्वद टक्के असते. स्थानक आणि त्यातली माणसे सारखी एकत्र पडत असतात, म्हणून वजन जाणवत नाही. हाडे, स्नायू, हृदय आणि कानातला तोल सांभाळणारा भाग हे सगळे वजनाच्या हिशेबाने घडलेले असल्यामुळे ते नाहीसे होताच शरीर स्वतःची नवी घडी बसवू लागते.

पहिले दोन-तीन दिवस निम्म्याहून अधिक जणांना मळमळते. गंमत अशी की बोटीत किंवा गाडीत ज्याला कधी त्रास झाला नाही त्याला इथे होऊ शकतो, आणि उलटेही घडते. त्यामुळे जमिनीवरच्या चाचण्यांवरून याचा भरवशाचा अंदाज येत नाही. पायांतले द्रव वर सरकतात, चेहरा सुजल्यासारखा दिसतो, नाक चोंदते आणि जेवणाची चव मंदावते. मणक्यांमधल्या चकत्या फुगल्यामुळे उंची काही सेंटिमीटर वाढते आणि पाठ दुखते. रशियाच्या सोयूझ यानात प्रत्येकासाठी स्वतंत्र आसन बनवतात. त्यासाठी त्याला बसवून पाठीचा प्लास्टरमध्ये साचा घेतात, आणि परतीच्या वेळी वाढलेली उंची मावावी म्हणून डोक्याच्या बाजूला जागा सोडतात.

व्यायाम केला नाही तर कंबरेच्या भागातल्या हाडांची घनता महिन्याला साधारण एक ते दीड टक्क्याने घटते. म्हणून दररोज सुमारे दोन ते अडीच तास व्यायामासाठी राखून ठेवलेले असतात: पट्ट्यांनी खाली खेचून धरणाऱ्या ट्रेडमिलवर धावणे, सायकल, आणि निर्वात नळकांड्यांच्या विरोधावर चालणारे वजन उचलण्याचे यंत्र. हाडांतून सुटलेले कॅल्शियम मूत्रातून जाते, त्यामुळे मूतखड्याचा धोका वाढतो आणि भरपूर पाणी पिणे हाही नियमच ठरतो. काहींच्या डोळ्यांच्या पाठीमागच्या भागात बदल होऊन जवळचे धूसर दिसू लागते, म्हणून वाढीव क्रमांकाचे चष्मे बरोबर दिलेले असतात. किरणोत्साराचा हिशेब तर कारकिर्दीभर ठेवला जातो; नासाने आता स्त्री-पुरुष सर्वांसाठी ६०० मिलिसीव्हर्ट (किरणोत्साराची मात्रा मोजण्याचे एकक) ही मर्यादा ठरवली आहे.

तुमच्यासाठी यातून निघणारी गोष्ट साधी आहे. खेळाडूचे शरीर लागत नाही. निरोगी हृदय, धड दात, मूतखड्याचा पूर्वेतिहास नसणे आणि रोज कंटाळा न करता व्यायाम करण्याची सवय, एवढे पुरते. आणि यांतले शेवटचे सर्वांत कठीण आहे, असे मी रुग्णांना पाहून सांगते. आणखी एक: एका अंतराळवीराच्या मानेच्या शिरेत रक्ताची गुठळी आढळली तेव्हा पृथ्वीवरच्या तज्ज्ञांच्या सूचनेनुसार त्याची सोनोग्राफी स्थानकातच झाली आणि उपचारही तिथेच सुरू झाले. टोचून रक्त काढणे, टाके घालणे, सोनोग्राफीचे यंत्र धरणे हे प्रत्येकाला शिकावे लागते, मग त्याचा मूळ विषय काहीही असो.

शोधयात्री

तिघांचेही मनापासून आभार. एक गोष्ट विचारायची राहिली. मी अबोल आहे आणि एकटीने काम करायला मला आवडते. दीर्घ मुक्कामासाठी हा स्वभाव उपयोगी ठरेल की अडसर?

हिमवास यांचे उत्तर

मी एका ध्रुवीय संशोधन केंद्रात हिवाळी मुक्काम केला आहे. विमाने बंद झाली की वसंतापर्यंत तेवढीच माणसे, तेच जेवणघर आणि तीच कामे, असा तो काळ असतो. अंतराळाशी त्याची पूर्ण बरोबरी होत नाही, पण अंतराळ संस्था अशा मुक्कामांकडे लक्ष ठेवून असतात याला कारण आहे.

अबोल असणे अडसर नाही. आमच्याकडे सर्वांत आधी थकले ते सतत सोबत लागणारे लोक. अडसर ठरते ते मनातली नाराजी न सांगणे. आमच्या कार्यशाळेत एका सहकाऱ्याला अवजारे जागेवर ठेवायची सवय नव्हती. दुसऱ्याने ती अनेक दिवस मुकाट्याने उचलून ठेवली, आणि एका संध्याकाळी अगदी क्षुल्लक कारणावरून दोघांत असे वाजले की पुढे त्यांना एका पाळीत काम देणे अवघड झाले. पहिल्याच दिवशी शांतपणे एक वाक्य बोलले असते तर ते तिथेच मिटले असते. त्यानंतर आम्ही आठवड्यातून एकदा, जेवणानंतर, ज्याला जे खटकले असेल ते सांगायचे असा रिवाज पाडला आणि तो शेवटपर्यंत पाळला.

अंतराळवीरांच्या प्रशिक्षणात या गोष्टींना यंत्रणांच्या अभ्यासाइतकेच महत्त्व असते: स्वतःची झोप आणि थकवा ओळखून वेळीच सांगणे, दुसऱ्याचा ओळखणे, गरजेप्रमाणे पुढारीपण करणे आणि दुसरा पुढारी असताना त्याच्यामागे मनापासून काम करणे. युरोपीय संस्था त्यासाठी इटलीच्या सार्डिनिया बेटावरच्या गुहांत गट नेते. नासा २०१९ पर्यंत फ्लोरिडाजवळच्या समुद्रतळावरील ॲक्वेरियस या निवासात गट ठेवत असे. ह्यूस्टनमध्ये चौघांनी जून २०२३ ते जुलै २०२४ असे ३७८ दिवस मंगळावरच्या घराच्या प्रतिकृतीत काढले. मॉस्कोमध्ये २०१० ते २०११ या काळात सहा जण ५२० दिवस बंदिस्त राहिले, तेव्हा काहींची झोपेची घडी विस्कटल्याचे नोंदले गेले. मंगळाकडून आलेल्या हाकेला उत्तर मिळायला चाळीस मिनिटांहून अधिक वेळ लागू शकतो, त्यामुळे तिथे गटातल्या माणसांनाच एकमेकांची समजूत काढावी लागेल.

याची परीक्षा कधी होईल ते आधी कळत नाही. सुनीता विल्यम्स आणि बुच विल्मोर ५ जून २०२४ रोजी सुमारे आठवड्याभराच्या चाचणी उड्डाणावर निघाले, यानात बिघाड निघाले, आणि ते मार्च २०२५ मध्ये, २८६ दिवसांनी परतले. मधल्या काळात ते स्थानकाच्या नेहमीच्या तुकडीचा भाग झाले, आणि विल्यम्स यांनी स्थानकाचे नेतृत्वही केले. दोघांनीही दीर्घ मुक्कामाचे प्रशिक्षण आधीच घेतलेले होते, म्हणून हे शक्य झाले.

तुम्ही अबोल आहात, तर दोन गोष्टी आत्ताच सुरू करता येतील. गटाने करायच्या, काही दिवस चालणाऱ्या आणि थोडी गैरसोय असलेल्या कामात भाग घ्या. गिर्यारोहण, क्षेत्रीय संशोधन, गुहांचे सर्वेक्षण, काहीही चालेल. आणि तिथे रोजची नोंद लिहून ती गटातल्या एकाला तरी वाचून दाखवा. मला त्या हिवाळ्यात हे फार जड गेले, पण बोलण्यापेक्षा लिहिणे ज्यांना सोपे वाटते त्यांच्यासाठी ही वाट खुली असते.

ध्रुवमत्स्य

विषयाबाबत थोडी भर घालतो. भौतिकशास्त्रात पुढे जायचे असेल तर उपकरणे स्वतः बांधणाऱ्या, ती दूरच्या वेधशाळेत किंवा जहाजावर नेऊन बसवणाऱ्या गटात काम मिळते का ते पाहा. सैद्धांतिक काम कमी दर्जाचे आहे असे मुळीच नाही. परंतु स्थानकात बिघडलेला पंप किंवा शौचालय दुरुस्त करणारा आणि प्रयोग चालवणारा माणूस एकच असतो, आणि अर्ज वाचणाऱ्यांना त्या माणसाने याआधी काय उघडून पुन्हा जोडले आहे, हे पाहायचे असते.